एकतीस घरांची उघाडी

४ जून १९५०

पोशाचे तेरावे झाले. चाळीस वर्षे उघाडी, बांधातले पाण्याचे दार, त्याच्या हातात होती. भरतीआधी फळ्या खाली, म्हणजे खाडीचे खारे पाणी शेतात शिरत नाही. ओहोटीला फळ्या वर, म्हणजे पावसाचे पाणी बाहेर पडते. दिवसातून दोनदा. गावाचे सगळे भात त्या फळ्यांवर.

आता कोण?

देवळापुढे बैठक. विनायक बोलला. माझा नवरा म्हणून म्हणत नाही, चांगला बोलतो. कमिटी करा, कमिटी पगारी माणूस नेमील, पुढे सरकारात नोंद होईल. माना हलल्या.

मी बायकांतून उठले. म्हटले, माणूस कशाला? घरे एकतीस आहेत. बांध फुटला की घरटी एक जण जातोच. त्याला कोण नेमते? तसेच उघाडीचे करू. प्रत्येक घराने महिन्यातला एक दिवस घ्यावा. मुकादम नको.

 मग धर्मा, त्याचे शेत उघाडीला लागून, म्हणाला, "पोशाला भात घालायला लागायचा. बाईच्या मताने गेलो तर तो आपल्याच कनगीत ऱ्हातो."

हशा पिकला. ठरले ते त्या हशात. माझ्या तत्त्वाला कोणी विचारले नाही. चालेल.

येताना वि. पुढे चालत होता.

६ जून

तक्ता केला. एकतीस घरे, एकतीस तारखा. चिठ्ठ्या टाकल्या, कारण एकतीस तारीख सगळ्यांनाच हवी होती. ती पाच महिन्यांत येतच नाही. शेजारच्या चांगुणाला सव्वीस. आम्हाला नऊ.

जुन्या माणसांना तिथीने पाळ्या हव्या होत्या. मी नाही म्हटले. तिथी पंचांगात आणि पंचांग भटाच्या काखेत. एकाच्या हातून काढून दुसऱ्याच्या हाती द्यायचे नाही. कॅलेंडर धर्माच्या ओटीवर टांगले आहे. कोणीही जाऊन पाहावे.

आय, वि.ची आई, तांदूळ निवडत ऐकत होती. "दर्याला तुझी तारीख कलते का गो?"

म्हटले, माणसांना कळली की पुरे.

"बरा," म्हणाली. सूप झटकले.

१९ जून

वि. वसईहून आला. नवा खादीचा सदरा, खिशाला पेन. वर्षभर पक्षाच्या कचेरीत बसतो. निवडणुका येणार, त्याला उभे करतील असे बोलतात.

बेचाळीसमध्ये आम्ही सात जण होतो. तारा तोडल्या, पत्रके छापली. तो पकडला गेला. मी तेरा महिने भूमिगत, त्यातले चार चिंचोटीच्या रानात. बाकीच्यांना इंग्रज जायला हवा होता. आम्हा दोघांना राज्यच नको होते, कोणाचेही. बाकीचे हसायचे. दोघे असलो की हसण्याचे काही वाटत नसे.

सेहेचाळीसमध्ये सुटला आणि सरळ गिरीजला आमच्या वाडीत आला. माझ्या भावाला म्हणाला, आम्ही एकत्र राहणार आहोत. भट नाही, नोंद नाही, तिचे नाव तिचेच. भाऊ म्हणाला, मग याला लग्न कसे म्हणायचे? वि. म्हणाला, म्हणू नका.

त्या उत्तराबरोबर मी खाडीकडच्या या घरात आले. आज त्याने मला विचारले, सही करताना माझे आडनाव का लावत नाहीस, कचेरीत चमत्कारिक दिसते.

११ जुलै

शाळामास्तर मतदारांची नावे लिहीत दारोदार. बायका दाराआडून सांगतात, "लिवा, पांडूची बायको." तो लिहितो, पांडूची बायको.

चांगुणाच्या दारात मी त्यांना थांबवले. तिला म्हटले, नाव सांग.

"नाव कशाला? सगल्यांना म्हायती हाय मी कोन ती."

"मास्तरांना नाही."

शेवटी सांगितले. पदर तोंडावर धरून, चोरीचे काही कबूल करावे तसे. लग्नाच्या सव्वीस वर्षांत मोठ्याने पहिल्यांदा, असे मागून म्हणाली.

आमच्या दारात मी म्हटले, माझे लिहू नका, मला मत द्यायचे नाही. मास्तर वि.कडे पाहू लागले. वि. म्हणाला, लिहा, मी सांगतो. मी म्हटले, तो त्याच्यापुरते सांगेल. मास्तरांनी पेन्सिल कानाला लावली. नाही लिहिले.

नंतर वि.: "दुसऱ्यांना नावे द्यायला लावतेस, स्वतःचे देत नाहीस."

बरोबर बोलला.  चांगुणाचे नाव कागदावर असावे असे मला वाटते आणि त्या कागदाने तिच्यावर राज्य करू नये असेही

२ ऑगस्ट

आवण, भाताची लावणी, संपली. पाळ्या सुरळीत. पोशाच्या विधवेनेही आपला दिवस घेतला, म्हणाली, नवऱ्याने कधी हात लावू दिला नाही फळीला. काल तिने फळ्या टाकल्या आणि वरच बसून राहिली.

आज ठाण्याहून सरकारी साहेब बांध पाहायला. टेप, नकाशा, दोन शिपाई. वि. त्यांच्यावर छत्री धरून चालत होता. स्वतः भिजत होता.

साहेब: "उघाडीला जबाबदार कोण?"

धर्मा: "आज काय, दोन तारीख. आज पल्याडच्या आलीची जानकी."

"तसे नव्हे. मुख्य कोण?"

"आज तीच."

साहेबांनी वहीत काहीतरी लिहिले. वि.ने मला नंतर सांगितले काय: व्यवस्था नाही.

१५ ऑगस्ट

झेंडावंदन. सगळा गाव शाळेपुढे. वि. भाषण करणार. मी गेले नाही.

बांधावर खेकड्यांची बिळे बुजवली. चिकण माती आत ठोसून वरून टाच मारायची. एकतीस बिळे मोजली, मग मोजणे सोडले. लांबून टाळ्या ऐकू येत होत्या. माझी माती त्याच्या झेंड्याइतकीच स्वतंत्र आहे असे वाक्य सुचले. लिहिल्यावर बरे वाटत नाही. खेकडे मात्र खरे होते.

२६ सप्टेंबर

खांड गेली, बांध फुटला. दुपारी. उघाडीच्या दोन्ही बाजू. भात फुलोऱ्यावर

हात सोलले आहेत. उद्या.

२७ सप्टेंबर

काल पुनव. भादव्याचे उधाण. फळ्या वर होत्या आणि उघाडीवर कोणी नव्हते. पाणी आधी उघाडीतून आले, मग तिच्या कडा खात गेले. बाराच्या सुमारास बारा-पंधरा हात बांध गेला. मी पोचले तेव्हा धर्माच्या शेतात कमरेइतके पाणी, आणि त्यात ओंब्या उभ्याच्या उभ्या.

भरतीत खांड बुजत नाही. ओहोटी लागेपर्यंत पाहत उभे राहावे लागते. मग पुढच्या भरतीआधी सहा तास. कोणी हाळी घातल्याचे आठवत नाही. लोक आले. घरटी एक म्हणायचे, पण दोन-दोन, तीन-तीन आले. पुरुष हातात हात अडकवून खांडीत ओळीने उभे राहिले, पाण्याला पाठ देऊन. त्यांच्या पुढ्यात आम्ही तिवराच्या फांद्या, पेंढा, वर मातीची ढेकळे. ढेकूळ हातोहात येत होते. माझ्या आधी चांगुणा, नंतर पोशाची विधवा. तीन तास कोणी कोणाला काही सांगितले नाही. सांगावे लागले नाही.

दिवेलागणीला खांड बुजली.

वि. तेव्हा वसईहून आला. बांधावरून खाली उतरू लागला. धर्मा खांडीतूनच म्हणाला, "पुढारी, चपला सांभाला. खारं लागल."

वि. उतरला, पण तोवर काम संपले होते.

अकरा घरांचे भात गेले. आमचेही.

२८ सप्टेंबर

सव्वीस तारीख चांगुणाची. सकाळी तिच्या दारात गेले. ती भांडी घासत होती, वर पाहिले नाही.

"मी गेलेली. बारसला गेलेली."

"बारसला?"

"पयल्या म्हैन्यात माजी पाली बारसला आली. तवापासून दर बारसला जाते. तुजा कालिंदर मला वाचता येतो का?"

बसून मोजले. जूनमध्ये सव्वीस तारखेला बारस, म्हणजे द्वादशी, होती. जुलैत जवळपास तीच. ऑगस्टात दोन दिवस आधी सरकली, या महिन्यात तीन. तेवीसला उघाडीवर दोन घरे होती, सव्वीसला एकही नाही. तेवीसचा भिवा म्हणतो, मला वाटले ती मदतीला आली. ऑगस्टातही सव्वीस रिकामीच गेली होती. धर्मा सहज तिकडे फिरकला आणि फळ्या टाकून आला. मला कोणी सांगितले नाही. सांगण्यासारखे कोणाला वाटले नाही.

तारीख मी घातली. समुद्र चंद्रावर चालतो हे खाडीकाठच्या पोराला कळते. मला पंचांग हटवायचे होते आणि त्याच्याबरोबर चंद्रही हटवला.

चांगुणाला म्हटले, चूक माझी.

"मग काय माजी?" म्हणाली. भांडे जोरात आपटले. थोड्या वेळाने: "चाय घेशील?"

१ ऑक्टोबर

वि. आज बोलला. ओरडला नाही, ओरडला असता तर सोपे होते.

"तुझ्या तत्त्वाने अकरा घरांचे भात गेले."

"माझ्या तक्त्याने."

"वेगळे आहे का?"

"आहे."

त्याने पिशवीतून कागद काढला. बांध आणि उघाडी सरकार ताब्यात घेणार. दगडी बांध, लोखंडी दार, पगारी माणूस. त्यापुढे गावाने बांधाला हात लावायचा नाही. एकतीस घरांच्या सह्या हव्यात, दिवाळीच्या आत. स्थानिक कमिटीचा अध्यक्ष वि. तिकिटाचेही बहुधा यावरच.

म्हटले, बेचाळीसच्या पत्रकात तू लिहिले होतेस: राज्य परके असो वा आपले, मान दाबायची जागा एकच. मी ते रात्रभर हाताने छापले होते.

"तेव्हा मी चोवीस वर्षांचा होतो."

"वाक्य किती वर्षांचे होते?"

कागद घडी करून ठेवला. "आईला खायला काय घालणार आहेस या वर्षी, वाक्य?"

तेही खरे आहे. तो खोटे बोलत असता तर मी केव्हाच गेले असते.

८ ऑक्टोबर

गिरीजला. भावाने बोलावले होते. केळीला पाणी चालले होते, तो पाटात उभा. वहिनीने भात-कालवण वाढले, निघताना सुकेळी, उन्हात वाळवलेली केळी, बांधून दिली.

भाऊ: "ये परत. एक खोली मोकळी आहे. शाळेत शिकवशील. इथे तुला कोणी बुडवणार नाही."

"मीच बुडवले आहे."

"म्हणून तर म्हणतो. लोक आठवण ठेवतात."

"ठेवू देत. मी तिथे नसले तर फक्त चूक आठवतील."

तो हसला. लहानपणी मी हरल्यावर खेळ सोडत नसे, दुसरा डाव मागत असे, याची त्याला चीड होती. म्हणाला, "विनायकराव काय म्हणतात?"

"सही करा म्हणतात."

"शहाणे आहेत."

पायी परत आले. आयने सुकेळी चाखून सांगितले, गोड हायत, पन तुजा भाऊ चिकट हाय, चारच दिली.

१५ ऑक्टोबर

बैठक. वि.ने कागद देवळाच्या पायरीवर ठेवला, शेजारी शाईची डबी, अंगठ्यासाठी. घराघराने बोलायचे.

आमचे घर आले. वि. उभा राहिला. बायकांतून आयचा आवाज:

"तू बस. बांधावर आपल्या घराचा मानूस ही व्हती. तीन सालं हीच जाते. ही बोलंल."

बांधाच्या कामात हीच रीत आहे: घरातून जो चिखलात उतरतो तो घराचे बोलतो. पुरुष-बाई हा प्रश्न कधी आला नव्हता, कारण बाकी घरांतून पुरुषच जात. आता आला. म्हाताऱ्यांनी एकमेकांकडे पाहिले. एक जण म्हणाला, रीत ती रीत.

वि. बसला. स्वतःच्या आईने, गावापुढे. मला आनंद झाला नाही. थोडा झाला.

मी म्हटले, तारखा घातल्या ती माझी चूक. ती मोडा. पाळी मोडू नका. खांड तुम्ही बुजवलीत, कोणाच्या हुकमाने नाही. हा कागद दिलात की पुढच्या खांडीला हात लावायला परवानगी मागाल.

धर्मा उठला. सगळ्यांत जास्त त्याचे गेले आहे. "माजा दाना नाय ऱ्हायला. मला सरकार चालंल, सैतान पन चालंल."

चांगुणा: "सरकारचा मानूस उतरला असता का रं खांडीत, गल्यापर्यंत?"

"पगार मिलाला असता तर उतरला असता."

"आन नसता मिलाला तर?"

धर्मा खाली बसला, परत उठला.  मग: "एक साल. फुडच्या भादव्यापर्यंत. पाली तिथीने. बाईचा कागद नको." मग पायरीकडे हात करून, "आन ह्यो पन नको."

अंगठा कोणी उठवला नाही. ज्या वीस घरांचे भात उभे आहे ती अकरा घरांना कापणीत वाटा देणार. हे कोणी मांडलेही नाही, उठता उठता बोलून झाले.

तिथी तीस, घरे एकतीस. एका दिवसाला दोन घरे येणार. मी पुनव मागितली. चांगुणा म्हणाली, मलापन तीच.

१७ ऑक्टोबर

वि. दोन दिवस जेवायला नाही. आज आला. आयने ताट वाढले. तो म्हणाला, आये, मीठ दे. तिने दिले. एवढेच संभाषण.

मला म्हणाला, "तू जिंकलीस असे समजू नकोस."

"समजत नाही."

"सही नसली तरी सरकार घेऊ शकते. सार्वजनिक हित म्हणून. मी ते थांबवून धरले होते. आता का थांबवू?"

"थांबवू नकोस. माझ्यासाठी सरकारकडे शब्द टाकू नकोस."

माझ्याकडे पाहत राहिला. अजून त्याचे डोळे तेच आहेत, ही अडचण आहे.

१२ नोव्हेंबर

कापणी संपली. आमच्या खारट पट्ट्यात वाल टोचले; खाऱ्या जमिनीत किती येतील कोण जाणे. घरोघरचे वाटे आले. आमच्या दारात सात टोपल्या भात. कोणी आणून ठेवले, विचारले नाही.

तिथीने पाळ्या जवळजवळ महिना चालल्या. एकही चुकली नाही. आय रोज अंगणातून चंद्र पाहते आणि पाळी कोणत्या घराची ते सांगते. मी तिच्याकडून शिकते आहे.

२० नोव्हेंबर

देवळाच्या खांबाला नोटीस. बांध व उघाडी सरकारच्या ताब्यात. नेमलेल्या इसमाखेरीज कोणी हात लावल्यास कायदेशीर इलाज. खाली सही: अध्यक्ष, स्थानिक कमिटी. त्याची 'वि' मी अंधारात ओळखीन. लोकांना वाचून मीच दाखवली. सही वाचली नाही. धर्माने विचारले, खाली कोनाचा नाव?

सांगितले.

धर्मा म्हणाला, "बाई, तुमच्या घरात दोन गाव ऱ्हातात."

२४ नोव्हेंबर, सकाळ

पुनव. आमची आणि चांगुणाची पाळी. पहाटेच्या ओहोटीला आम्ही दोघींनी फळ्या उचलल्या, नेहमीप्रमाणे उघाडीजवळच्या पोशाच्या खोपीत ठेवल्या. आठला शिपाई आला, खोपीला कुलूप घातले. नेमलेला इसम एक तारखेला येणार. तोवर किल्ली अध्यक्षाकडे.

म्हणजे आमच्याच घरात.

वि.ला म्हटले, बाराला भरती आहे, उधाणाची.

"भात कापले आहे. आठ दिवस पाणी आले तर काय बिघडते? साहेब तेच म्हणाले."

"वाल आहेत."

साहेबांना वाल माहीत नव्हते. याला माहीत होते, आठवले नव्हते. चेहरा उतरला. खिशातून किल्ली काढून माझ्यापुढे धरली. "घे. फळ्या टाकून ये. बोलू नकोस कोणाकडे."

"नको."

"अगं, मी देतो आहे."

"म्हणूनच. तुझ्याकडून घेतली तर ती तुझी होती असे ठरेल."

"मग काय करणार?"

"धर्माकडे घण आहे."

"सरकारी कुलूप तोडलेस तर मला तक्रार लिहावी लागेल. माझ्यापुढे दुसरा मार्ग नाही."

"लिही."

"तुरुंगात जाशील."

"तू राहून आला आहेस. जेवण वाईट असते म्हणालास, आणखी काही सांगितले नाहीस."

हसू आले त्याला. लगेच पुसले.

चांगुणा दारात आली, पदर खोचून. "चल गो, पानी चढतंय." तिने किल्ली पाहिली, मग त्याला. "भावोजी, तुम्ही पन चला. फल्या जड हायत, हात कमी."

 त्याने किल्ली ओट्यावर ठेवली, स्वतः शेजारी बसला. आय आतून म्हणाली, कोनीतरी उठा, वाल माजे हायत.

उठेल की लिहायला बसेल, माहीत नाही. साडेदहा झाले. वाटेत धर्माला हाक मारायची आहे. घण मला एकटीला पेलणार नाही. निघते.